नाशिकमध्ये राहून परदेशी सिनेमात चरित्र भूमिका: सेल्फ टेप, करार आणि सेट

परदेशी सिनेमात आपल्याकडच्या चरित्र नटाला मिळणारं काम बहुतेक वेळा दोन-तीन प्रसंगांचं असतं. स्टेशनमास्तर, सरकारी डॉक्टर, नायिकेचा सासरा, लॉजचा मालक, वकिलातीतला कारकून. भूमिकेची लांबी पाहून नाक मुरडणाऱ्याने या वाटेला जाऊच नये. निवडणाऱ्याला तिथे कारकुनाची नक्कल नको असते, कारकूनच हवा असतो. आणि तो निवडणारा लंडनमध्ये किंवा लॉस एंजेलिसमध्ये बसून तुमच्या दोन मिनिटांच्या मोबाइल चित्रीकरणावरून निर्णय घेतो.

१९८२च्या ‘गांधी’मध्ये गोपाळ कृष्ण गोखल्यांची भूमिका डॉ. श्रीराम लागूंनी केली आणि कस्तुरबांची रोहिणी हट्टंगडींनी. दोघंही रंगभूमीवर घडलेले. हट्टंगडींना त्या कामासाठी सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा पुरस्कार मॉरीन स्टेपल्टनसोबत विभागून मिळाला. तेव्हा चाचणीला नटाला समोर जावं लागे. आता पहिली चाळणी घरच्या घरी, सेल्फ टेपवर म्हणजे स्वतःच चित्रित करून पाठवलेल्या चाचणीवर होते, त्यामुळे निदान या कामापुरतं तरी अंधेरीत खोली घेऊन राहण्याचं कारण उरलेलं नाही. गंगापूर रोडच्या फ्लॅटमधून गेलेली टेप आणि वर्सोव्यातून गेलेली टेप लंडनला सारख्याच दिसतात. फरक पडतो तो उजेडाचा, आवाजाचा आणि वेळेवर न पोचलेल्या फाइलचा.

फोटो, माहितीपत्रक आणि बोली

फोटो दोनच पुरे: एक दाढीमिशांसह, एक त्यांच्याशिवाय. दाढी ठेवत नसाल तर एक हसरा, एक गंभीर. खांद्यापासून वर, डोळे लेन्समध्ये, साधा शर्ट, मागे काही नाही. लग्नाच्या अल्बमवाल्याकडे गेलात तर तो सवयीने चेहरा गुळगुळीत करून देईल, त्याला आधीच बजावा. चरित्र नटाच्या चेहऱ्यावरच्या सुरकुत्या, डाग, डोळ्यांखालची काळी वर्तुळं हेच त्याचं भांडवल. फोटो सहा महिन्यांहून जुना नसावा. केस पांढरे सोडायचं ठरवलं की त्याच आठवड्यात नवा काढावा.

माहितीपत्रक एका पानाचं. उंची सेंटिमीटरमध्येही लिहावी. ‘कोणत्या वयाचा दिसतो’ या रकान्यात दहा वर्षांचाच पल्ला द्यावा. पन्नाशीच्या माणसाने ३० ते ६५ लिहिलं की वाचणारा पान उलटतो. कामांच्या यादीत दिग्दर्शकाचं नाव आणि भूमिका एवढंच. राज्य नाट्य स्पर्धेतली पारितोषिकं जरूर लिहावीत, पण सगळी नको. परदेशातल्या वाचकाला ‘प्राथमिक फेरी, नाशिक केंद्र’ यातून काही कळत नाही. त्यापेक्षा ‘महाराष्ट्र शासनाच्या नाट्य स्पर्धेत अभिनयाचं रौप्यपदक, सन अमुक’ असं सरळ लिहावं.

नाशिककर हमखास वाया घालवतात तो रकाना भाषांचा. मराठी, हिंदी, इंग्रजी एवढं लिहून मोकळे होतात. मालेगाव, सटाणा, कळवणकडची अहिराणी येत असेल, सुरगाणा-पेठकडची कोकणी बोली कानावर असेल, मालेगावी ढंगाची उर्दू बोलता येत असेल, तर ते ठळक लिहावं. मुंबईतल्या शंभर नटांकडे नसलेली ती गोष्ट आहे. कौशल्यांचंही तसंच. ‘नृत्य, घोडेस्वारी’ प्रत्येकजण लिहितो. ट्रॅक्टर चालवणं, गाईची धार काढणं, चुलीवर भाकरी थापणं, टाळ-पखवाज, शिलाई मशीन, जुन्या धाटणीची जमाखर्चाची वही लिहिणं, हे खरोखर येत असेल तर लिहावं. फक्त खोटं नको, सेटवर पहिल्याच मिनिटाला उघडं पडतं.

शोरील, म्हणजे आपल्या कामाच्या निवडक तुकड्यांची चित्रफीत, दीड ते दोन मिनिटांची. सुरुवात तुमच्या चेहऱ्याने आणि तुमच्याच वाक्याने व्हावी. नावाची पाटी, संगीत, ड्रोनने टिपलेली गोदावरी, काही नको. नाटकाचं चित्रीकरण टाकू नका. प्रेक्षागृहात मागून घेतलेल्या चित्रात नट बोटभर दिसतो आणि आवाज घुमतो. कॅमेऱ्यासमोरचं काम नसेल तर दोन चांगले प्रसंग घरीच नीट चित्रित करून ठेवावेत.

ब्रिटनमध्ये निवड करणारे ‘स्पॉटलाइट’ ही नटांची सूची पाहतात, १९२७पासून चालत आलेली आहे. तिथे नाव घालायला व्यावसायिक कामाचा किंवा प्रशिक्षणाचा पुरावा लागतो, त्यामुळे पहिल्या दिवशी तिची घाई नको. आयएमडीबी या सिनेमांच्या ऑनलाइन सूचीवरचं पान मात्र पहिल्या श्रेयनामावलीपासून नीट ठेवावं, आणि इंग्रजी नावाचं स्पेलिंग सगळीकडे पासपोर्टवरचंच असावं. आयएमडीबीवर एक, आधारवर दुसरं आणि करारात तिसरं असलं की पैसे बँकेत अडकतात.

खोली

टेपची खोली कोणती हे उजेडावर नाही, आवाजावर ठरवावं. उजेड विकत आणता येतो, शांतता आणता येत नाही. उपनगर-गांधीनगर पट्ट्यात लष्कराच्या प्रशिक्षण तळावरची हेलिकॉप्टरं दिवसा घिरट्या घालतात. देवळालीकडे तोफखान्याचा सराव चालू असला की खिडकीच्या काचा थरथरतात आणि माइक ते बरोबर उचलतो. पंचवटीत आरत्या आणि लाऊडस्पीकर, कॉलेज रोडला संध्याकाळी हॉर्न. बहुतेक वस्त्यांत सकाळी सहा ते साडेसात किंवा रात्री दहानंतरची वेळ बरी पडते. २०२७च्या सिंहस्थात गोदाकाठच्या मंडळींनी टेपपुरती दुसऱ्याची खोली धरून ठेवलेली बरी.

पंखा बंद. फ्रिजही बंद, आणि गाडीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवावी, म्हणजे परत चालू केल्याशिवाय घराबाहेर पडता येत नाही. उघड्या भिंतींच्या, फरशीच्या खोलीत आवाज घुमतो. कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर दोन बाजूंना दोरीवर जाड गोधड्या टांगाव्यात आणि पायाखाली सतरंजी टाकावी. एवढ्याने निम्म्याहून अधिक घुमारा मरतो. हजारभर रुपयांचा वायरचा कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर, शर्टच्या आतल्या बाजूने लावावा. वायर कापडाला घासणार नाही अशी चिकटपट्टीने बसवावी. मोबाइलचाच माइक वापरणार असाल तर समोर वाचणाऱ्याचा आवाज तुमच्यापेक्षा मोठा येणार हे धरून चाला, कारण तो फोनच्या शेजारी उभा असतो. त्याने कुजबुजल्यासारखंच वाचावं.

फोन आडवा, डोळ्यांच्या उंचीवर, तिपाईवर. मागचा कॅमेरा वापरावा, सेल्फीचा नाही. दोनपट झूमची वेगळी लेन्स असेल तर ती लावून फोन दीड ते दोन मीटर लांब ठेवावा. फोन जवळ आणला की रुंद लेन्समुळे नाक फुगतं आणि कान मागे पळतात. चौकट छातीच्या खिशापासून डोक्याच्या थोडं वरपर्यंत. पोर्ट्रेट मोड आणि चेहरा उजळवणारे फिल्टर बंद. पडद्यावर चेहऱ्याजवळ बोट दाबून धरावं आणि फोकस व उजेड कुलूपबंद करावा, नाहीतर तुम्ही मान हलवलीत की चित्र भक्कन उजळतं. विमान मोड लावावा. चांगल्या टेकच्या मध्येच फोन वाजणं ही सर्वात सामान्य दुर्घटना आहे.

चित्रीकरण १०८० पिक्सेलमध्ये, सेकंदाला २५ चौकटी (फ्रेम). हा आकडा उगाच नाही. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणून साधी ट्यूब किंवा स्वस्त एलईडी सेकंदाला शंभरदा लुकलुकते. फोन ३० चौकटींवर असला की त्या लुकलुकण्याशी त्याचा मेळ बसत नाही आणि चित्रात काळसर पट्टे वरखाली सरकतात. फोनच्या कॅमेऱ्यातल्या प्रो मोडमध्ये २५ चौकटी आणि शटर १/५० सेकंद ठेवलं की पट्टे जातात. आयफोनमध्ये सेटिंगमधला ‘पाल’चा पर्याय चालू केल्यावरच २५ चौकटी दिसतात.

उजेडासाठी उत्तरेची खिडकी सर्वात चांगली, दिवसभर एकसारखा मऊ प्रकाश देते. उन्हाळ्यात मात्र सकाळ-संध्याकाळ तिथेही ऊन शिरतं, तेव्हा पातळ पांढरं धोतर ताणून लावावं. खिडकी तुमच्या समोर हवी, पाठीशी नाही. दिवे वापरणार असाल तर दोन, चेहऱ्याच्या दोन्ही बाजूंना ४५ अंशांवर, एक थोडा मंद. दोन्ही दिव्यांचा रंग एकच. खिडकीचा निळसर आणि बल्बचा पिवळा उजेड एकत्र आला की अर्धा चेहरा कावीळ झाल्यासारखा दिसतो. भिंतीपासून चार-पाच फूट पुढे उभं राहावं, सावली मागे पडून नाहीशी होते. मागे राखाडी किंवा फिकट निळी चादर, इस्त्री केलेली. अंगात पांढरं नको, काळं नको, बारीक चौकड्या नकोत, त्या पडद्यावर थरथरतात. वेशभूषा इशाऱ्यापुरती. कारकून असेल तर गळ्यापर्यंत बटण लावलेला शर्ट झाला. नाटकातला टोप आणि उपरणं घालून बसू नका.

पानं हातात पडल्यावर

निवडीसाठी येणाऱ्या दोन-चार पानांना ‘साइड्स’ म्हणतात. पानांवर तिरकं तुमचं नाव छापलेलं असतं, सिनेमाचं नाव खोटं असतं, कधीकधी प्रसंगही मूळ पटकथेतला नसतो. आधी गोपनीयतेच्या करारावर सही मागतात. ती पानं नाटकाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ‘जरा बघा रे’ म्हणून टाकली आणि बाहेर गेली, तर छापलेल्या नावामुळे कोणाकडून गेली हे लगेच कळतं. तालमीसाठी समोरच्या वाचकाला छापील प्रत द्यावी आणि परत घ्यावी.

एक पान म्हणजे ढोबळमानाने एक मिनिट. दोन पानांची टेप चार मिनिटांची झाली असेल तर तुम्ही विराम ताणत आहात.

नाटकातून आलेल्या नटाची खरी अडचण इथे सुरू होते. कालिदास कलामंदिराच्या शेवटच्या रांगेपर्यंत शब्द पोचवायची सवय लागलेली असते. ती लहान खोलीत फोनसमोर ओरडल्यासारखी दिसते, आणि भुवया तर सतत कामाला लागलेल्या असतात. ‘कमी करा’ असं सांगून उपयोग होत नाही, कमी करायला गेलेला नट मेल्यासारखा बोलतो. त्याला हाताला काम द्यावं लागतं. समजा साइड्समध्ये असा प्रसंग आहे: एक परदेशी बाई नोंदणी कार्यालयात आईच्या जन्माची नोंद शोधायला आली आहे, आणि कारकुनाला चार वाक्यं आहेत, त्यातलं शेवटचं ‘त्या सालची रजिस्टरं जळाली’. कारकुनाच्या हातात खरी फाइल द्या, नाडीची. बाई बोलत असताना तो नाडी गुंडाळतो आहे. ‘आई’ हा शब्द आला की गुंडाळणं थांबतं. वाक्य बोलून झाल्यावर तो गाठ मारतो. एवढंच. आवाज आपोआप खाली येतो, कारण गाठ मारताना कोणी ओरडत नाही. प्रसंगाचा भारही बोलण्यावरून ऐकण्यावर जातो, आणि पाहणारे तेच पाहत असतात. चार वाक्यं कोणीही बोलतं. बाई बोलत असताना कारकुनाच्या चेहऱ्यावर काय चाललंय, त्यावर निवड होते.

दोन टेक पाठवावेत, आणि दोघांत एकच ठळक फरक असावा. पहिल्यात त्याला बाईला लवकर कटवायचं आहे. दुसऱ्यात रजिस्टरं जळाली नाहीत हे त्याला माहीत आहे. बाकी सगळं तेच. पाच टेक पाठवले की निवड तुम्ही त्यांच्यावर ढकलता, आणि त्यांना तेवढा वेळ नसतो.

समोर वाचणारा लेन्सला चिकटून, वीतभर बाजूला, डोळ्यांच्या उंचीवर उभा असावा. तो लांब गेला की तुमचा चेहरा अर्धाच दिसतो. दोन पात्रांशी बोलायचं असेल तर दुसऱ्यासाठी लेन्सच्या पलीकडे भिंतीवर चिकटपट्टीचा तुकडा लावून घ्या. वाचणाऱ्याने अभिनय करू नये, अडखळू मात्र नये. इंग्रजी सरळ वाचणारी कॉलेजातली भाची, मोठ्या नाटकवाल्यापेक्षा बरी. लेन्समध्ये पाहायचं ते फक्त ओळखीच्या वेळी: नाव, उंची, कुठे राहता, एजंट असेल तर त्याचं नाव, मग डावी बाजू, उजवी बाजू, आणि एक पूर्ण उभं चित्र. ही ओळख वेगळ्या फाइलमध्ये.

उच्चारांबद्दल एकच आग्रह: ब्रिटिश ढब आणू नका. भारतीय पात्रासाठी भारतीय माणूस शोधला जातोय. विशिष्ट ढब हवी असली तर ते तसं लिहितात आणि पुढे शिक्षकही देतात. पण शब्द कळायला हवेत. मराठी जिभेचे दोष ठरलेले आहेत. इंग्रजी ‘व्ही’ आणि ‘डब्ल्यू’ दोन्हींना आपण एकच व वापरतो. पहिल्यात वरचे दात खालच्या ओठाला लागतात, दुसऱ्यात ओठांचा चंबू होतो आणि दात लागत नाहीत. दुसरा दोष आघाताचा. हॉटेल, पोलीस, डेव्हलप या शब्दांत इंग्रजीत जोर दुसऱ्या अवयवावर पडतो, आपण पहिल्यावर देतो. साइड्स मिळाल्या की प्रत्येक लांब शब्दात जोराच्या अवयवाखाली पेन्सिलने रेघ मारावी, शब्दकोशात ऐकून खात्री करावी. तिसरा वेगाचा. घाबरलेला मराठी माणूस इंग्रजी धावत बोलतो.

काही वाक्यांपुढे ‘भारतीय भाषेत’ एवढंच लिहिलेलं असतं. तिथे विचारून घ्यावं कोणती, आणि त्या पात्राच्या गावाला शोभेल अशा बोलीत वाक्य स्वतः बसवावं. सोबतच्या मेलमध्ये त्याचा इंग्रजी अर्थ द्यावा. पाठ्यपुस्तकी भाषांतर जसंच्या तसं बोललं की पुण्या-मुंबईचा प्रेक्षक चित्रपटगृहात हसतो.

वेळ, फाइल आणि तारखा

मुदत बहुधा एक ते तीन दिवसांची असते आणि ती त्यांच्या घड्याळाने. लंडन उन्हाळ्यात आपल्यापेक्षा साडेचार तास मागे, हिवाळ्यात साडेपाच. लॉस एंजेलिस उन्हाळ्यात साडेबारा, हिवाळ्यात साडेतेरा. तिथल्या शुक्रवारी संध्याकाळी सहाला म्हणजे आपल्याकडे उन्हाळ्यात शनिवारी सकाळी साडेसहा. ही सवलत समजून शुक्रवारी रात्री निवांत राहू नका, पहाटे नेमकं इंटरनेट बसतं.

फाइल एमपी४ स्वरूपात, शंभर-दोनशे एमबीच्या आत. नाव इंग्रजी अक्षरांत: आधी तुमचं नाव, मग भूमिका, मग टेक क्रमांक. ‘फायनल न्यू २’ असल्या नावाची फाइल तिकडे पाचशे फायलींत हरवते. गुगल ड्राइव्हची लिंक देणार असाल तर ती कोणालाही उघडेल अशी ठेवा आणि बायकोच्या फोनवरून, लॉगिन न करता, उघडून पाहा. परवानगी मागणारी लिंक आली की तिकडचा सहायक परवानगी मागत बसत नाही, पुढच्या नटाकडे जातो.

यानंतर दिवसेंदिवस काहीच कळत नाही. नकार कळवायची पद्धत नाही. पाठपुराव्याचा एक मेलही नको. पुढे गाडी सरकली तर आधी ‘अमुक तारखांना मोकळे आहात का’ अशी विचारणा येते, मग तारखा ‘होल्ड’वर घेतात. होल्ड म्हणजे काम मिळालं असं नाही. पण त्या तारखांना दुसरं काम आलं तर आधी होल्डवाल्याला विचारायचं आणि त्याने सोडल्यावरच दुसऱ्याला हो म्हणायचं. मराठी मालिकेत रोजची भूमिका असणाऱ्यांनी इथे जपून राहावं, मालिकेच्या करारात बाहेरच्या कामाला परवानगी लागते का ते आधी वाचावं.

घरची द्राक्षबाग असेल तर ऑक्टोबर छाटणी आणि जानेवारी ते मार्चचा माल काढायचा काळ सुरुवातीलाच ‘मोकळा नाही’ म्हणून कळवावा किंवा बाग सांभाळायला माणूस ठरवून ठेवावा. तारखा देऊन ऐनवेळी फिरवणारा नट परत विचारला जात नाही, आणि निवड करणारी मंडळी जगभर थोडीच आहेत. चरित्र नटाला जोडधंदा लागतोच, त्यात कमीपणा नाही. लागू कान-नाक-घशाचे शल्यचिकित्सक होते, मोहन आगाशे मनोविकारतज्ज्ञ. फक्त तो धंदा महिनाभर सोडून जाता येईल असा हवा.

टेप पाठवल्यापासून निर्णय लागेपर्यंत केस कापू नका, मिशी उतरवू नका. उतरवावीच लागली तर फोटो काढून कळवा.

करार, व्हिसा, पैसे

करार इंग्रजीत पंधरा-वीस पानांचा येतो आणि सगळे शेवटच्या पानावर सही करतात. निदान एवढं शोधून वाचावं: चित्रीकरणाचे दिवस किती आणि जास्तीच्या दिवसाचे किती, प्रवासाच्या आणि थांबून राहण्याच्या दिवसांचे पैसे आहेत का, दिवस किती तासांचा, रोजचा भत्ता, विमानाचा वर्ग, विमा, श्रेयनामावलीत नाव कुठे, आवाजाच्या पुनर्मुद्रणाचे दिवस मानधनात धरलेत की वेगळे. चेहऱ्याचं आणि आवाजाचं संगणकीय रूप पुढे वापरण्याबद्दल कलम असेल तर ते वकिलाला दाखवल्याशिवाय सही नको. एजंटाचं कमिशन साधारण १० ते २० टक्के, तेही तुमचे पैसे आल्यावर. नोंदणी, कार्ड, पोर्टफोलिओ, ‘व्हिसा प्रोसेसिंग’ या नावाखाली आधी पैसे मागणारा माणूस निवड करणारा नसतो. हॉटेलच्या खोलीत एकट्या मुलीला बोलावणाराही नसतो.

पर्यटक व्हिसावर जाऊन काम करणं बेकायदा आहे, निर्मितीचा माणूस ‘चालतं’ म्हणाला तरी. ब्रिटनसाठी भारतीय नागरिकाला क्रिएटिव्ह वर्कर व्हिसा लागतो आणि त्यासाठीचं प्रायोजकत्वाचं प्रमाणपत्र कंपनीने द्यायचं असतं. अमेरिकेत सिनेमाच्या नटासाठी बहुधा ओ-१बी व्हिसा. अर्ज तेच करतात, तुमचं काम म्हणजे पासपोर्ट तयार ठेवणं: निदान सहा महिन्यांची मुदत आणि कोरी पानं. बोटांचे ठसे द्यायला मुंबईला जावं लागलं तर पंचवटी एक्स्प्रेस सकाळी सातच्या सुमारास नाशिकरोडहून निघून अकराच्या आत दादरला सोडते. पावसाळ्यात कसारा घाटाचा भरवसा नाही, आदल्या रात्री गेलेलं बरं.

परदेशी सिनेमाचं चित्रीकरण भारतातच असेल तर पैसे इथली लाइन प्रॉडक्शन कंपनी, म्हणजे परदेशी निर्मात्यासाठी इथलं चित्रीकरण सांभाळणारी कंपनी, देते आणि व्यावसायिक मानधनावर १० टक्के टीडीएस कापते. परदेशात काम केलं तर तिथला कर आधी कापला जातो, ब्रिटनमध्ये परदेशी कलाकाराला साधारणपणे २० टक्के. तो पैसा बुडाला असं नाही. कर कापल्याचं प्रमाणपत्र मागून घेतलं तर दुहेरी करआकारणी टाळण्याच्या करारानुसार इथल्या करात त्याची जमा मिळते. त्याचा वेगळा फॉर्म असतो आणि त्याला मुदत असते, म्हणून सीएला मार्चमध्येच सांगून ठेवा. बँकेचा स्विफ्ट कोडही घेऊन ठेवा, आयएफएससीवर परदेशातून पैसे येत नाहीत.

निवड पक्की झाली की कपडेपटाकडून मापांचा कागद येतो: गळा, छाती, कंबर, बाहीची लांबी, आतली टांग, डोक्याचा घेर, बुटाचा ब्रिटिश नंबर. मापं शिंप्याकडून घ्यावीत, अंदाजाने पोट दोन इंच कमी लिहू नये.

सेटवर

आदल्या संध्याकाळी कॉलशीट येते. त्यात तुमचा गाडीत बसायचा वेळ, मेकअपचा वेळ आणि सेटवर यायचा वेळ असे तीन वेगळे आकडे असतात. तिन्ही पाळावेत. आवाज सेटवरच मुद्रित होतो, ‘डबिंगला बघू’ हा आधार नाही. अंगावरचा माइक लघवीला जाताना बंद करायला सांगावा, नाहीतर ध्वनिमुद्रकाला सगळं ऐकू येतं.

जमिनीवर रंगीत चिकटपट्टीचा इंग्रजी टी असतो, थांबायची खूण. खाली न पाहता तिथे पोचायचं. खुणेवर उभं राहून उलट्या पावली मागे सुरुवातीच्या जागेपर्यंत पावलं मोजत जावं, मग तेवढीच पावलं पुढे. सहा इंच चुकलं तरी फोकस जातो आणि तुमचा चांगला टेक कचऱ्यात.

सर्वात जास्त चरित्र नट सापडतात ते कंटिन्युइटीत, म्हणजे एका टेकमधली कृती दुसऱ्यात तशीच ठेवण्यात. एकच प्रसंग आधी रुंद चौकटीत, मग तुमच्या खांद्यावरून समोरच्याचा, मग तुमचा जवळचा, असा दहा-पंधरा वेळा होतो. पहिल्या रुंद टेकमध्ये ‘रजिस्टरं’ या शब्दावर कप खाली ठेवलात तर पुढच्या प्रत्येक वेळी त्याच शब्दावर, त्याच हाताने, बशीत कपाचा कान उजवीकडे करून ठेवायचा. नाही जमलं तर संकलकाला तुमचे दोन तुकडे जोडता येत नाहीत, आणि तो तुम्हाला कापून नायकाच्या चेहऱ्यावर जातो. म्हणून तालमीतच कृती कमीत कमी निवडा आणि प्रत्येकीला एक शब्द बांधून टाका. संवादाच्या कागदावर त्या शब्दाभोवती गोल करून बाजूला लिहा: उजवा हात, कप खाली. जेवणाच्या प्रसंगात खरंच खाऊ नका. पहिल्या टेकला वरणभाताचा मोठा घास घेतलात तर संध्याकाळपर्यंत पंधरा घास घ्यावे लागतील. भात कालवावा, घास उचलावा आणि तेवढ्यात आपलं वाक्य यावं. घास घ्यावाच लागला तर सुपारीएवढा, आणि थुंकायला बादली मागायची लाज नको, सगळेच मागतात.

कॅमेरा समोरच्या नटावर असताना तुमची वाक्यं तुम्हीच द्यायची असतात, पूर्ण जीव ओतून. नायकाच्या जवळच्या चौकटीत त्याच्या वाक्यावर आपलं वाक्य चढवू नका, आवाज एकमेकांत मिसळले की संकलनाला अडचण येते. दिग्दर्शकाने सूचना केली की ‘हो’ म्हणून करून दाखवा, मागच्या टेकचं समर्थन नको.

काम संपल्यावर महिन्यांनी आवाजाच्या पुनर्मुद्रणाला बोलावणं येतं, बहुधा मुंबईतल्या स्टुडिओत. कानात तीन टोले ऐकू येतात आणि चौथा टोला जिथे पडायला हवा तिथे तुमचं वाक्य सुरू होतं. सेटवर बसून बोलला असाल तर तिथेही बसून बोला. उभं राहिल्यावर छातीतून येणारा आवाज वेगळा लागतो आणि तुकडा चिकटवलेला कळतो.

सिनेमा लागेपर्यंत भूमिकेचं नाव, सेटवरचा फोटो, सहकलाकार, काहीही समाजमाध्यमावर टाकायचं नाही. गोपनीयतेच्या करारापलीकडचंही कारण आहे: पूर्ण प्रसंग संकलनात गळू शकतो, आणि ‘आमच्या दादाचा सिनेमा’ म्हणून गल्लीतल्या पन्नास जणांची तिकिटं आधीच काढलेली असतात. प्रसंग गळला तरी ठरलेलं मानधन मिळतंच. श्रेयनामावलीतलं नाव राहतं की नाही ते कराराच्या शब्दांवर अवलंबून असतं, म्हणून ते कलम सही करतानाच पाहावं. प्रदर्शनानंतर तुमच्या प्रसंगाची चित्रफीत शोरीलसाठी निर्मात्याकडून लेखी मागावी, आणि ती आली की जुनी शोरील पहिल्या सेकंदापासून नव्याने कापावी.